तंतुमय हिरवं शेवाळ: तळ्याच्या काठापासून स्लाइडपर्यंत

नवरात्र सरलं की पावसाचं गढूळ पाणी निवळायला लागतं. तळ्यांच्या कडा, पाझर तलाव, भातखाचरं, ओढ्यातले थांबलेले डोह, गुरांचे हाळ, शेततळी, जिथे पाणी उथळ आणि ऊन भरपूर तिथे हिरवे धागे दिसू लागतात. आपण त्या सगळ्याला शेवाळ म्हणतो आणि पुढे जातो. पण त्यातल्या एका मुठीत तीन-चार अगदी वेगळे सजीव असू शकतात. त्यांची शरीररचना वेगळी, प्रजननाची रीत वेगळी, नातीगोतीही वेगळी. ते ओळखायला शिकणं वाटतं तेवढं अवघड नाही. जिवंत धाग्यातल्या हरितलवकाचा, म्हणजे पेशीतल्या अन्न बनवणाऱ्या हिरव्या भागाचा, आकार बघायचा, ही एक सवय लागली की निम्मं काम झालं. हा लेख ती सवय लावण्यासाठी आहे.

काय जवळ हवं

रुंद तोंडाच्या चार-पाच पारदर्शक बाटल्या, चिमटा, दोन सुया, ड्रॉपर, दहापट मोठं दाखवणारं भिंग, काचपट्ट्या, कव्हरस्लिप, शिसपेन्सिल आणि वही. सूक्ष्मदर्शक शाळा-कॉलेजातला साधा चालतो. 10 आणि 40 च्या वस्तुभिंगांवर इथली सगळी कामं होतात, तेलाच्या भिंगाची गरज नाही. सूक्ष्मदर्शक मिळतच नसेल तर मनू प्रकाश आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तयार केलेला कागदी फोल्डस्कोप घ्या. तो सुमारे 140 पट मोठं दाखवतो, मोबाइलला जोडता येतो, आणि स्पायरोगायरा या शेवाळाची सर्पिल हिरवी पट्टी त्यात छान दिसते.

गोळा करताना

पाण्यात उतरण्याची घाई करू नका. काठावरून काठीने उचलता येतं तेवढं पुरतं. पायाला जखम असेल तर पावसाळ्यात साचलेल्या पाण्यात पाय घालूच नका. मुंबई आणि कोकणात त्या दिवसांत लेप्टोचा (लेप्टोस्पायरोसिस या तापाचा) धोका खरा असतो. विहिरीच्या आणि बारवेच्या पायऱ्यांवर शेवाळ असतं म्हणजे त्या निसरड्याही असतात, तिथे एकट्याने जाऊ नका.

प्रत्येक ठिकाणासाठी वेगळी बाटली हवी. चिमूटभर धागे घ्या, त्याच जागचं पाणी ओता आणि बाटलीचा वरचा निम्मा भाग मोकळा ठेवा. नवखा माणूस हमखास बाटली शेवाळाने ठासून भरतो. मग रात्री अंधारात सगळे धागे श्वसन करतात, पाण्यातला ऑक्सिजन संपतो आणि सकाळी हाती तपकिरी लगदा येतो. बाटली उन्हात किंवा बंद गाडीत ठेवू नका. कागदाच्या चिठ्ठीवर पेन्सिलीने तारीख, जागा, पाणी वाहतं की थांबलेलं, धागे तरंगत होते की दगडाला चिकटलेले, एवढं लिहून ती चिठ्ठी बाटलीतच टाका. पेनाची शाई पाण्यात जाते, पेन्सिल राहते.

चिकटलेले धागे ओढून काढण्याऐवजी शक्य असेल तर छोटा खडा किंवा काडीच उचला. धाग्याचं बूड कसं आहे, ही ओळखीची मोठी खूण असते आणि ओढताना तीच तुटून मागे राहते.

एक गोष्ट काठावरच बघून घ्या. सकाळी तळाशी असलेले पुंजके दुपारी वर तरंगताना दिसतात. प्रकाशसंश्लेषणातून सुटलेल्या ऑक्सिजनचे बुडबुडे धाग्यांच्या गुंत्यात अडकतात आणि सगळी चादर वर उचलली जाते. रात्री बुडबुडे विरले की ती पुन्हा खाली जाते. हा ऑक्सिजन कुठल्या प्रकाशात जास्त तयार होतो, हे जर्मन शास्त्रज्ञ थिओडोर एंगेलमान यांनी अशाच धाग्यांवर शोधलं. 1882 मध्ये त्यांनी हिरव्या तंतूवर प्रिझममधून रंगांचा पट्टा पाडला आणि पाण्यात ऑक्सिजनकडे धावणारे जिवाणू सोडले. जिवाणूंची गर्दी तांबड्या आणि निळ्या प्रकाशाच्या भागात झाली, हिरव्या भागात फारच थोडी. कुठल्या रंगाचा प्रकाश वनस्पतीला कामाचा, ते त्या गर्दीने दाखवून दिलं.

आधी बोटांनी ओळखा

धागे दोन बोटांत घेऊन हलकेच चोळा. बुळबुळीत लागले, बोटांतून निसटले तर बहुधा स्पायरोगायरा किंवा त्याच्या कुळातलं काही. या धाग्यांभोवती श्लेष्मल आवरण असतं, त्यामुळे त्यांच्यावर दुसरं काही सहसा चिकटत नाही. ओल्या लोकरीसारखं खरबरीत लागलं, पिळल्यावर पाणी निथळून गोळा तसाच राहिला तर क्लॅडोफोरा किंवा पिथोफोरा असण्याची शक्यता मोठी. या दोघांवर तसलं आवरण नसतं, म्हणून त्यांच्या फांद्यांवर डायटम (काचेसारख्या कवचाचे एकपेशीय शेवाळ) आणि इतर सूक्ष्मजीव खचाखच बसलेले असतात. इडोगोनियम या दोन टोकांच्या मधे येतं. आणि पाण्यात पसरल्यावर नुसत्या डोळ्यांना पंचकोनी-षटकोनी घरांची जाळी दिसली तर ते हायड्रोडिक्टिऑन. त्याची ओळख तिथेच पटली.

काळपट निळसर, लिबलिबीत, उग्र मातकट वासाचा थर हाताला लागला तर ते हिरवं शेवाळ नसून बहुतेक नील-हरित जिवाणू, म्हणजे ऑसिलेटोरिया किंवा लिंगबिया. त्यांच्या पेशींत केंद्रक नसतं, हरितलवकही नसतं. रंग सगळ्या पेशीभर सारखा पसरलेला दिसतो, आणि ऑसिलेटोरियाचे धागे स्लाइडवर चक्क सरकतात, डोलतात. यांतल्या काही जाती विषारी द्रव्यं तयार करतात. म्हणून हात लावून झाल्यावर साबणाने धुवा, आणि असल्या पाण्यावर गुरं-कुत्री जाऊ देऊ नका.

स्लाइड तयार करणं

इथे धीर धरा, कारण बहुतेकांची निराशा याच टप्प्यावर होते. पुंजक्यातून फक्त तीन-चार धागे सुईने सोडवा. काचपट्टीवर त्याच बाटलीतल्या पाण्याचा एक थेंब ठेवा, त्यात धागे समांतर पसरा आणि कव्हरस्लिप तिरकी टेकवून हळूच खाली सोडा, म्हणजे हवा अडकत नाही. जास्तीचं पाणी टिपकागदाने कडेने टिपा. धागे एकावर एक आले तर भिंगाखाली हिरवा अंधार दिसतो, बाकी काही नाही. अशी स्लाइड सरळ टाकून नवी करा.

आधी 10 चं वस्तुभिंग. प्रकाश कमी करा, खालची झडप थोडी बंद करा. सगळं लख्ख उजेडात बघायची इच्छा होते, पण पारदर्शक पेशीच्या कडा कमी उजेडातच उठून दिसतात.

आता प्रश्न एकच विचारायचा: हरितलवक कसं आहे?

सर्पिल पट्टी पेशीच्या भिंतीलगत फिरत गेलेली दिसली तर स्पायरोगायरा. पट्टी एक असेल किंवा अनेक, काही जातींत दहाहून अधिक. प्रत्येक पेशीत दोन ताऱ्यांच्या आकाराची हरितलवकं दिसली तर झिग्नेमा. मधोमध एक सपाट पत्रा असेल तर मुजोशिया. पेशीच्या कडेने अपुऱ्या वळ्यासारखा पट्टा असेल आणि धागा गार, वाहत्या पाण्यातला असेल तर युलोथ्रिक्स. जाळीदार हरितलवक, धाग्याला फांद्या नाहीत आणि अधूनमधून एखाद्या पेशीच्या वरच्या टोकाला एकावर एक बारीक कडी दिसतात, तर इडोगोनियम. जाळीदार हरितलवक आणि फांद्या भरपूर, तर क्लॅडोफोरा. तशाच फांद्यांमध्ये अधूनमधून फुगलेल्या, गडद, पिंपाच्या आकाराच्या पेशी असतील तर पिथोफोरा. त्या फुगीर पेशी म्हणजे वाईट दिवसांसाठी साठवण करून ठेवलेले जाड भिंतीचे बीजाणू.

एवढी सात-आठ नावं पक्की झाली की महाराष्ट्रातल्या गोड्या पाण्यात जे नेहमी भेटतं, त्यातलं बरंचसं तुम्हाला प्रजातीच्या, म्हणजे जीनसच्या, पातळीवर ओळखता येईल.

एका पेशीपाशी थांबा

यादी पुरी करायच्या नादात पुढे पळू नका. स्पायरोगायराची एकच पेशी 40 च्या भिंगाखाली घ्या आणि सूक्ष्म नियंत्रणाचं चाक अगदी सावकाश फिरवा. आधी वरची भिंत आणि पट्टीचे वरचे वळसे स्पष्ट होतात. मग ते धूसर होतात आणि पेशीचा मधला भाग समोर येतो. तिथे एक फिकट, भिंगाच्या आकाराचं केंद्रक अधांतरी लटकलेलं दिसेल. त्याच्यापासून निघालेले पेशीद्रव्याचे बारीक दोर पट्टीवरच्या गोल ठिपक्यांपर्यंत गेलेले असतात. भोवतीची सगळी मोकळी जागा म्हणजे रसधानी, पेशीरसाने भरलेली. चाक आणखी फिरवलं की पट्टीचे मागचे वळसे येतात. सपाट चित्रात पाहिलेली पेशी खरं तर एक नळकांडं आहे, हे त्या अर्ध्या मिनिटात डोळ्यांना पटतं.

पट्टीवरचे गोल ठिपके म्हणजे पायरेनॉइड. त्यांच्याभोवती स्टार्च साठतो, आणि ते घरी पडताळून बघता येतं. औषधाच्या दुकानात मिळणारं आयोडीन पाण्याने पातळ करा, फिकट पिवळसर होईपर्यंत. कव्हरस्लिपच्या एका कडेला त्याचा थेंब सोडा आणि समोरच्या कडेला टिपकागद लावा, म्हणजे द्रव खालून ओढला जाईल. ठिपक्यांभोवती काळपट निळी कडी उमटतात, केंद्रक पिवळसर तपकिरी होऊन उठून दिसतं. पेशी यात मरते, म्हणून जिवंतपणी जे बघायचं ते आधी बघून घ्या.

आयोडीनच्या जागी मिठाचं पाणी वापरून दुसरी स्लाइड करा. पेल्याभर पाण्यात दोन चमचे मीठ पुरे. काही मिनिटांत भिंत जागच्या जागी राहते आणि आतलं सगळं, पट्टीसकट, आक्रसून मधे गोळा होतं. लगेच साधं पाणी खालून ओढलं तर पुष्कळदा पेशी पुन्हा भरते. ज्या भरतात त्या जिवंत होत्या.

मापही घ्या. मंचावर पारदर्शक पट्टी ठेवून 10 च्या भिंगात किती मिलिमीटर दिसतात ते मोजा. साधारण 1.8 मि.मी. दिसत असेल तर 40 च्या भिंगात त्याच्या चौथाई, म्हणजे 0.45 मि.मी. दिसतं. त्या रुंदीत धागा किती वेळा मावेल याचा अंदाज केला की धाग्याची जाडी आली. पुढे जाती ओळखताना हा आकडा लागतोच.

पाणी आटू लागलं की

तंतुमय शेवाळाची वाढ बहुतांशी अलैंगिक असते. धागा तुटतो, दोन्ही तुकडे वाढत राहतात. स्पायरोगायरात धाग्यातली जवळजवळ कुठलीही पेशी विभागू शकते, आणि हे विभाजन प्रामुख्याने रात्री होतं. म्हणून दिवसा कितीही स्लाइडी केल्या तरी विभागणारी पेशी सहसा सापडत नाही.

लैंगिक प्रजनन बघायचं तर होळीच्या सुमारास आटत चाललेलं डबकं गाठा. पुंजक्यांचा हिरवा रंग पिवळसर-तपकिरी व्हायला लागला की लोक शेवाळ सडलं म्हणतात. मला तरी तळ्याकाठचा हाच काळ सगळ्यात मोलाचा वाटतो. तो पुंजका स्लाइडवर घ्या. दोन धागे शेजारी शेजारी चिकटलेले असतात, समोरासमोरच्या पेशींतून फुगवटे निघून एकमेकांना भिडतात, मधली भिंत विरते आणि नळी तयार होते. अशा नळ्यांची रांग लागली की ते दोन धागे मिळून शिडी दिसते. यालाच युग्मन म्हणतात. मग एका धाग्यातल्या पेशीचं द्रव्य आक्रसतं आणि नळीतून सरकत दुसऱ्या पेशीत जातं. इथे पोहणारी, शेपटीवाली बीजपेशी नाहीच, सगळा ऐवज अमीबासारखा घसरत जातो. साधारणपणे एक धागा पूर्ण रिकामा होतो आणि दुसऱ्याच्या पेशीपेशीत एकेक लंबगोल, जाड भिंतीचा युग्मबीजाणू बसलेला दिसतो. काही जातींत हाच प्रकार एकाच धाग्यातल्या शेजारच्या दोन पेशींमध्येही होतो.

तो बीजाणू तळाच्या चिखलात उन्हाळा काढतो. त्याच्या भिंतीचा मधला थर कठीण आणि रंगीत असतो, कोरडेपणा सोसणारा. पाऊस पडून पाणी साचलं की आत अर्धसूत्री विभाजन (गुणसूत्रांची संख्या निम्मी करणारं) होतं, चारपैकी तीन केंद्रकं नाहीशी होतात आणि एकच अंकुर बाहेर येतो. म्हणजे तळ्यात दिसणारा सगळा हिरवा पसारा एकगुणित (गुणसूत्रांचा एकच संच असलेला), आणि द्विगुणित (दोन संचांची) अवस्था फक्त त्या एका बीजाणूपुरती. कोकणातल्या कातळसड्यांवरची डबकी उन्हाळ्यात ठणठणीत कोरडी पडतात आणि जूननंतर पुन्हा हिरवी होतात, त्यामागे असे टिकाऊ बीजाणू असतात.

इडोगोनियमची रीत निराळी. त्याच्या धाग्यात मधेच फुगलेली गोल पेशी दिसते, तिच्यात एकच मोठं अंड असतं. पोहत येणारी नरपेशी त्याच्यापर्यंत पोचते. काही जातींत तर नर हा दोन-चार पेशींचा बुटका धागा असतो आणि मादी धाग्यावरच चिकटून राहतो. अलैंगिक चलबीजाणूही (पोहणारा बीजाणू) पाहण्यासारखा: एका पेशीतून एकच, मोठा, गर्द हिरवा, आणि पुढच्या फिकट टोकाभोवती कशाभिकांचं, म्हणजे पोहण्यासाठीच्या केसांसारख्या तंतूंचं, कडं. ताजा नमुना रात्रभर थंड जागी ठेवून सकाळी लवकर पाहिला तर तो सापडण्याची शक्यता बरी. आणि ती टोकाची कडी आठवतात ना? त्या पेशीच्या प्रत्येक विभाजनागणिक एक कडं वाढतं, म्हणून ती मोजली की पेशी किती वेळा विभागली ते कळतं.

बाटलीतल्या शेजाऱ्यांचं नातं मात्र दिसतं तसं नाही. स्पायरोगायरा, झिग्नेमा, मुजोशिया ज्या गटातले, तोच गट जमिनीवरच्या समस्त वनस्पतींचा सर्वांत जवळचा नातलग आहे. 2019 मध्ये हजारावर वनस्पती-शेवाळांच्या जनुकांची तुलना प्रसिद्ध झाली, तिने हे भक्कम केलं. 2024 मध्ये झिग्नेमाचे जीनोमही (संपूर्ण जनुकीय आराखडे) प्रसिद्ध झाले. म्हणजे काठावरचा कडुनिंब स्पायरोगायराला जितका जवळचा, तितका बाटलीतला क्लॅडोफोरा नाही. दोघांचे धागे वरवर सारखे दिसतात एवढंच.

पावसाळ्यात भिंती आणि झाडं बघा

भर पावसात तळी गढूळ असतात, तेव्हा पाण्याबाहेर शोधा. कोकणात आणि घाटमाथ्यावर भिंतींवर, झाडांच्या सालींवर केशरी मखमली थर दिसतो. ते ट्रेन्टेपोलिया, तंतुमय हिरवं शेवाळच. पेशींत कॅरोटिनॉइड ही केशरी रंगद्रव्यं इतकी साठलेली असतात की हिरवा रंग झाकला जातो. 2001 मध्ये केरळात लाल पाऊस पडला, तेव्हा त्या पाण्यातल्या लाल कणांचा अभ्यास करणाऱ्या सरकारी संस्थांनी ते याच प्रजातीचे बीजाणू असल्याचं सांगितलं होतं. याचाच भाऊबंद सेफाल्युरॉस. आंबा, पेरू, चहा यांच्या पानांवर गोल, तांबूस-केशरी, लवदार ठिपके पडतात, ते त्याचे. पानावरचा ठिपका बुरशीचा समजून फवारणी करण्याआधी भिंगातून बघा. उभे राहिलेले बारीक केशरी तंतू आणि त्यांच्या टोकाशी गोल बीजाणूधान्या (बीजाणूंच्या पिशव्या) दिसल्या की ओळख झाली.

घरी वाढवायचं असेल तर

रुंद काचेचं भांडं, गाळलेलं तळ्याचं पाणी आणि अगदी थोडे धागे. नळाचं पाणी घालायचंच तर एक दिवस उघडं ठेवून मग घाला. थेट ऊन नको, उत्तरेकडची खिडकी उत्तम. वाढले की निम्मे धागे काढून टाका. युग्मन घडवून बघायचं असेल तर थोडे धागे उथळ बशीत, पोषण कमी असलेल्या पाण्यात, चांगल्या उजेडात ठेवा. पाण्यातलं नत्र संपत आलं की बऱ्याच जाती युग्मनाकडे वळतात. सगळ्या वळतातच असं नाही, म्हणून निरनिराळ्या डबक्यांतले नमुने लावा.

शेततळंवाल्यांसाठी

ठिबकचे फिल्टर शेवाळाने तुंबतात, ही तक्रार खरी आहे आणि तिचा उपाय ओळखीपासून सुरू होतो. धाग्यांची चादर जाळीने किंवा दाताळ्याने ओढून काढता येते. पाण्यात मिसळलेली हिरवट पूड तशी निघत नाही. सगळ्या तळ्यात एकदम मोरचूद टाकणं मला पटत नाही. त्यातलं तांबं माशांना आणि इतर जीवांना विषारी आहे. शिवाय सगळं शेवाळ एकाच वेळी मेलं की ते कुजताना पाण्यातला ऑक्सिजन संपतो आणि पहाटे मासे वर येऊन मरतात. आधी हाताने काढा, पाण्यात वाहून येणारं खत आणि शेण थांबवा, उघड्या पाण्यावर शेडनेट टाका. काढलेलं शेवाळ काठावर न ठेवता कंपोस्टमध्ये घाला, नाहीतर पहिल्या पावसात त्यातलं नत्र-स्फुरद परत तळ्यात जातं.

नोंद कशी ठेवायची

प्रत्येक स्लाइडचं पेन्सिल-चित्र काढा, मोबाइलने फोटो घेतला तरीही. चित्र काढताना पट्टीचे वळसे मोजावे लागतात, आडव्या भिंती सरळ आहेत की दुमडलेल्या ते बघावं लागतं, आणि तेच जातीच्या ओळखीला उपयोगी पडतं. घरी फॉर्मॅलिन वापरू नका, ते विषारी आहे. क्लॅडोफोरासारखे दणकट धागे पाण्यात तरंगवून जाड कागदावर उचलून वाळवता येतात. स्पायरोगायरा वाळला की हरितलवकाचा आकार जातो, त्याच्यासाठी चित्र आणि फोटोच खरे.

जातीचं नाव द्यायची घाई नको. स्पायरोगायराच्या चारशेहून अधिक जाती वर्णिलेल्या आहेत आणि पक्व युग्मबीजाणू हाती असल्याशिवाय बहुतेकींची खात्री देता येत नाही. सनदी अधिकारी असलेल्या मोहिंदर सिंग रंधावा यांनी याच कुळावर आयुष्यभर काम केलं. मुंबईच्या एला गोन्साल्विस यांनी इडोगोनियमच्या गणावर केलं. एन. डी. कामत यांनी कोल्हापूर आणि विदर्भातल्या शेवाळांच्या सविस्तर नोंदी करून ठेवल्या. महाविद्यालयाच्या ग्रंथालयात या लोकांचं काम मागा आणि आपल्या तालुक्यातलं काही त्यात आहे का ते पाहा. तोवर वहीत 'स्पायरोगायरा, पट्ट्या तीन, आडव्या भिंती सरळ, बीजाणू नाहीत' एवढं लिहा, आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याच डबक्यावर पुन्हा जाऊन बीजाणू मिळाले की ती ओळ पुरी करा.